माहितीपट करायचाय? मग परत परत जाता येईल अशी जागा शोधा

सामाजिक-राजकीय विषयावर माहितीपट करायचाय म्हणणारा जवळजवळ प्रत्येक जण पहिल्यांदा कॅमेऱ्याबद्दल विचारतो. कुठला घेऊ, भाड्याने आणू का, मोबाइलवर चालेल का? चालेल. तो विषय थोडा वेळ बाजूला ठेवू. या कामात सगळ्यात महाग पडतं ते एकाच ठिकाणी, त्याच माणसांकडे, पुन्हा पुन्हा जाणं. त्याला वेळ लागतो, एसटीचं भाडं लागतं, घरच्यांची समजूत काढावी लागते आणि मधल्या काळात पोट भरायला दुसरं काहीतरी हाताशी असावं लागतं. माहितीपटकाराची कारकीर्द म्हणजे बरीचशी हीच सोय लावत राहणं. पुढच्या पायऱ्या त्याच हिशेबाने मांडल्या आहेत.

एक दाखला आधी देतो. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांनी १९८५ मध्ये मुंबईतल्या झोपड्या पाडण्याच्या मोहिमेवर ‘हमारा शहर’ केला. त्यात विलास घोगरे हे शाहीर गाताना दिसतात. पुढे ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, निषेधाला जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. त्यानंतर काही दिवसांतच घोगऱ्यांनी आत्महत्या केली. तिथून ‘जय भीम कॉम्रेड’चं काम सुरू झालं आणि सिनेमा पूर्ण झाला २०११ मध्ये. म्हणजे चौदा वर्षं चित्रीकरण-संकलन, आणि त्यामागे त्याहून जुनी ओळख. तुम्हीही चौदा वर्षं थांबा असं मी म्हणत नाही. पण पहिल्या फिल्मसाठी जोडलेली माणसं पाचव्या फिल्मपर्यंत पुरतात, हे डोक्यात ठेवून विषय निवडा.

१. बघा, पण वही घेऊन

माहितीपट बघायला आता निमित्त शोधावं लागत नाही. पटवर्धनांच्या बऱ्याच फिल्म यूट्यूबवर आहेत. एक निवडा आणि दोनदा बघा. पहिल्यांदा नुसती बघा. दुसऱ्यांदा प्रत्येक प्रसंगाला थांबवून तीन गोष्टी लिहा: कॅमेरा इथे आत कसा आला असेल, समोरच्या माणसाला तो तिथे असल्याचं माहीत आहे का, आणि हा प्रसंग काढून टाकला तर पुढचं काय कोसळेल.

‘हमारा शहर’मध्ये झोपडी तुटलेली एक बाई चित्रीकरण करणाऱ्यांवरच उखडते. आमचे फोटो काढून तुम्हाला काय मिळणार, असा तिचा रोख आहे. दिग्दर्शकाने तो प्रसंग कापला नाही. तेवढा भाग पुन्हा पुन्हा बघा, कारण हाच प्रश्न तुम्हालाही विचारला जाणार आहे आणि त्याचं तयार उत्तर कुठल्याच फिल्म स्कूलमध्ये मिळत नाही.

शिक्षणाचं म्हणाल तर पुण्याची एफटीआयआय, कोलकात्याची सत्यजित राय संस्था, दिल्लीत जामियाचं मास कम्युनिकेशन केंद्र, मुंबईत टाटा सामाजिक विज्ञान संस्थेचा माध्यम विभाग या ठिकाणी हे काम नीट शिकवलं जातं. प्रवेश मिळाला तर जाच. नाही मिळाला म्हणून थांबू नका. समाजशास्त्र, कायदा, शेती किंवा नर्सिंग शिकून आलेला माणूस या धंद्यात अनेकदा सिनेमा शिकलेल्यापेक्षा पुढे असतो, कारण कुठे काय विचारायचं ते त्याला कळतं.

२. विषय लहान करा

‘मला शेतकऱ्यांवर करायचंय’, ‘मला जातीवर करायचंय’ याला विषय म्हणत नाहीत, ती काळजी झाली. काळजी चांगलीच आहे, पण तिच्याकडे कॅमेरा लावता येत नाही.

उदाहरण म्हणून ऊसतोड धरू. बीड जिल्ह्यातून दर दिवाळीच्या आसपास लाखो माणसं कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, कर्नाटक अशा कारखान्यांच्या भागात जातात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे ‘एक कोयता’. मुकादम आधी उचल म्हणजे आगाऊ रक्कम देतो, हंगामभर ती फेडायची. या बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये गाजला. नीलम गोऱ्हे यांच्या समितीने ऐंशी हजारांवर महिलांची पाहणी केली आणि त्यांतल्या तेरा हजारांहून जास्त जणींची पिशवी काढलेली निघाली. हा आकडा वर्तमानपत्रात छापून झाला आहे. तुमच्या फिल्मने तोच पुन्हा सांगितला तर लोक हळहळतील आणि पुढचं काहीतरी लावतील.

आता लहान करून बघा. एका टोळीतली एक बाई, एक हंगाम, उचल घेतल्यापासून पट्टा पडेपर्यंत, म्हणजे कारखान्याचा हंगाम संपेपर्यंत. उचल किती घेतली, मधे किती खाडे झाले, शेवटी हिशेबाला बसल्यावर काय उरलं. याला सुरुवात आहे, शेवट आहे, मधे पैशाचा ताण आहे, आणि राजकारण तर ओतप्रोत आहे, कारण कारखाना कुणाचा आणि मुकादम कुणाच्या प्रचाराला जातो हे त्या सहा महिन्यांत आपोआप समोर येतं. ‘व्यवस्था’ हा शब्द न उच्चारता ती दाखवता येते.

विषय पक्का करण्याआधी स्वतःला विचारा: इथे मला वर्षातून किती वेळा जाता येईल? तुम्ही पुण्यात राहता, रविवारची एक सुट्टी मिळते आणि फिल्म गडचिरोलीत करायची आहे, तर ती होणार नाही. घरापासून दोन तासांच्या आतला विषय शोधा. पिंपरीच्या कंपनीतले कंत्राटी कामगार, मुंबईतली पुनर्विकासात अडकलेली चाळ, तुमच्याच गावातली ग्रामसभा. अंतर कमी असलं की फेऱ्या वाढतात, आणि फेऱ्या वाढल्या की फिल्म सुधारते. इतकं सरळ गणित या धंद्यात दुसरं नाही.

३. पहिल्या फेऱ्या रिकाम्या हाताने

पहिल्यांदा जाताना कॅमेरा नेऊ नका. फोन खिशात ठेवा. ऊसतोडीचंच बोलायचं तर फडात जायला मुकादमाची हरकत नसावी लागते, पण मुकादमाच्या गाडीतून उतरलात तर बायका पुढचे सहा महिने तुमच्याशी तोंडदेखलं बोलतील. म्हणून वाट दुसरीकडून काढा. गावातली आशा कार्यकर्ती, शाळेचे गुरुजी, कामगारांची संघटना. त्यातही टोळी फडावर असते तेव्हा नव्हे, गावी असते तेव्हा ओळख करा. पावसाळ्यात धारूर, वडवणी, केज, पाटोदा या भागांत माणसं घरी भेटतात, बोलायला सवड असते, आणि पुढच्या हंगामाच्या उचलीचा विषय त्यांच्याच तोंडून निघतो.

या काळात कागदपत्रंही गोळा करा. माहिती अधिकाराचा अर्ज दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून करता येतो, उत्तर ३० दिवसांत यायला हवं, आलं नाही तर पहिलं अपील. अर्जात ‘का’ विचारू नका. ‘अमुक वर्षी अमुक तालुक्यात ऊसतोड कामगारांना किती ओळखपत्रं दिली, नोंदवहीच्या प्रती द्या’ असं कागद मागणारं लिहा. मोघम विचारलंत की मोघम उत्तर येतं, आणि तुमचा महिना गेलेला असतो. राजकीय फिल्मवर उद्या कुणी नोटीस पाठवली तर तुमच्या बाजूने उभे राहणारे हेच कागद. तारीखवार फाइल ठेवा.

४. संमती

या पायरीवर जरा जास्त थांबतो, कारण नवखी मंडळी इथेच घाईत असतात.

संमतीपत्र मराठीत, साध्या भाषेत, एका पानात लिहा. फिल्म कशावर आहे, कुठे कुठे दाखवली जाईल, यूट्यूबवर येणार का, पैसे मिळणार की नाही, नको वाटलं तर कधीपर्यंत सांगता येईल. वाचता येत नसेल तर मोठ्याने वाचून दाखवा आणि ते वाचणं आणि त्यावरचा होकार कॅमेऱ्यात घ्या. पण कागदावर अंगठा घेतला म्हणजे काम संपलं असं नाही. पहिल्या दिवशी ‘घ्या की, काय होतंय’ म्हणणाऱ्या मावशीला आपण काय बोलून बसलोय हे सहाव्या महिन्यात कळतं. म्हणून दोनदा विचारा: चित्रीकरणाआधी, आणि संकलन झाल्यावर तिचा भाग तिलाच दाखवून. दुसऱ्यांदा कुणी नाही म्हणालं तर तो भाग काढायचा. फिल्म लंगडी झाली तरी चालेल. तुम्ही संध्याकाळच्या गाडीने परत जाता, तिला त्याच मुकादमाकडे पुढच्या वर्षी उचल मागायला जायचं असतं.

काही ठिकाणी कायदा तुमच्या संमतीपत्राच्या वर आहे. लैंगिक अत्याचारातील पीडितेची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली गुन्हा आहे, आणि मूल असेल तर पॉक्सो कायद्याचं कलम २३ लागतं. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही. गावाचं नाव, शाळेचा गणवेश, वडिलांचा आवाज, घरासमोरचं मंदिर, यांतल्या कशावरूनही माणूस ओळखता येतो. निशा पाहुजा यांच्या झारखंडमधल्या ‘टू किल अ टायगर’ या फिल्ममध्ये मुलीचा चेहरा दिसतो, कारण ती सज्ञान झाल्यावर तिने स्वतः तसं ठरवलं. तोपर्यंत थांबायची तयारी लागते.

मुलाखतीचे पैसे द्यावेत का? माझं मत: बोलण्याचे पैसे देऊ नका, पण बुडालेली मजुरी भरून द्या, आणि ती टोळीतल्या सगळ्यांसमोर द्या. तुमच्यासाठी कुणाचा अर्धा दिवस गेला आणि त्याचा खाडा तिच्या नावावर लागला, तर ते तत्त्वाला धरून झालं असं कुणी म्हणणार नाही.

५. साधनं

फोन, छोटा मिररलेस कॅमेरा, जे असेल ते. पैसे खर्च करायचेच असतील तर आवाजावर करा. हललेलं चित्र प्रेक्षक सोसतो, न ऐकू येणारा संवाद सोसत नाही. एक बरा रेकॉर्डर, दोन कॉलर माइक, एक छोटा दिशादर्शी माइक एवढ्यावर पहिली फिल्म होते.

फडात काय होतं ते सांगतो. पाचटाची सळसळ एवढी असते की दोन हातांवर बोललेलं कॅमेऱ्याच्या माइकला कळत नाही. वर ट्रॅक्टरवाल्याची गाणी. ऊस तोडणाऱ्या बायका साडीवर पुरुषी शर्ट घालतात, हातांना पात कापू नये म्हणून. कॉलर माइक त्या शर्टाच्या आत, दुसऱ्या-तिसऱ्या बटणाच्या मागे, कापडी चिकटपट्टीने बसवा. साडीच्या पदराला लावलात तर वाकताना घासतो. ट्रान्समीटर कमरेच्या मागे ठेवू नका, तिथे मोळी उचलताना हात लागतो. बाजूला, कनवटीजवळ. आणि हे सगळं एखाद्या बाईनेच लावून द्यावं. टीममध्ये बाई नसेल तर तिच्याच मैत्रिणीला शिकवा, ती दोन दिवसांत तुमच्याहून नीट लावते.

प्रत्येक जागेचा नुसता आवाज मिनिटभर वेगळा रेकॉर्ड करून ठेवा, कुणीही न बोलता. संकलनात तो सोन्याच्या भावाने वापरला जातो. ट्रॅक्टरवरचं सिनेमातलं गाणं संवादाखाली अडकलं तर मात्र पंचाईत: पुढे ओटीटीवर जाताना त्याचे हक्क मागितले जातात. शक्य तिथे ‘दादा, जरा दोन मिनिटं बंद करता का’ म्हणा.

तांत्रिक दोन गोष्टी. भारतात वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवलं की ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकत नाही. आणि साठवण: १०० एमबीपीएसने शूट केलंत तर तासाला साधारण ४५ जीबी. शंभर तास म्हणजे साडेचार टीबी, दोन प्रती म्हणजे नऊ. दोन्ही डिस्क एकाच बॅगेत, एकाच घरात ठेवायच्या नाहीत. एक बहिणीकडे ठेवा.

६. चित्रीकरण

टोळी पहाटे तीन-चारला उठते. डोक्याला बॅटरी बांधून फडात शिरते. तुम्ही आठ वाजता नाश्ता करून पोचलात तर तुम्हाला उन्हात दमलेली माणसं मिळतील आणि फिल्ममध्ये नुसता दमलेपणा दिसेल. तीनला जा. चूल पेटताना, पोरांना कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत, झोपलेलं सोडून निघताना, बॅटरीच्या उजेडात पहिला ऊस पडताना जे बोलणं होतं ते दुपारी मुलाखतीत मिळत नाही. रात्री ट्रॅक्टर भरतानाही थांबा. डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून वर चढणाऱ्या बाईचे पाय पाहिल्यावर तिच्या कंबरदुखीबद्दल वेगळं विचारावं लागत नाही.

प्रश्न विचारायची वेळ आलीच, तर मत विचारू नका, घडलेलं विचारा. ‘तुमच्यावर अन्याय होतोय असं वाटतं का?’ याला समोरून ‘व्हय सायेब, लई अन्याय’ असं तुम्हाला हवं ते उत्तर मिळतं. ‘काल रात्री किती वाजता पाठ टेकली?’ विचारा. ‘औंदा उचल किती? मागची फिटली का?’ विचारा. आकडा सांगताना माणूस थांबतो, आठवतो, बोटं मोजतो, नवऱ्याकडे बघतो. तो कॅमेऱ्यासमोरचा खरा क्षण. उत्तर संपल्यावर लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. गप्प राहा. बहुतेक लोक ती शांतता स्वतःच भरून काढतात, आणि तेव्हा येतं ते पाठ केलेलं नसतं.

तुम्हाला ‘साहेब’ किंवा ‘मॅडम’ म्हणणं थांबून नाव किंवा ‘दादा’, ‘ताई’ सुरू झालं की समजा, आता खरं चित्रीकरण सुरू करायला हरकत नाही.

सत्तेच्या बाजूचीही मुलाखत घ्या. कारखान्याचे संचालक, मुकादम, डॉक्टर, आमदार. त्यांना खलनायक ठरवून गेलात तर ते दोन वाक्यं बोलून उठतील. त्यांचं म्हणणं पूर्ण ऐका, त्यांना सगळ्यात पटणारा मुद्दा मांडू द्या. मुकादमही कारखान्याकडून आगाऊ रक्कम घेऊन बसलेला असतो, आणि टोळी पळाली तर तो बुडतो. हे फिल्ममध्ये आलं की ती वजनदार होते. पोलिस किंवा कुणाचे कार्यकर्ते अडवायला आले तर वाद घालू नका, कार्ड बदला, भरलेलं कार्ड आधी खिशात, मग बोलणं. ड्रोन उडवायचाच असेल तर परवानगीची चौकशी आधी करा. माझ्या मते नव्वद टक्के ड्रोन शॉट कापण्याच्याच लायकीचे असतात.

७. संकलन

शूट संपल्यावर पहिला महिना एकही कट मारू नका. सगळं बघा, प्रत्येक क्लिपला नाव द्या, बोलणं शब्दशः लिहून काढा. कंटाळवाणं आहे, पण फिल्म इथेच सापडते. लिहिलेल्या कागदाच्या पट्ट्या कापून भिंतीवर लावा आणि हलवत राहा. डाव्हिन्ची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती पहिल्या दोन-तीन फिल्मना पुरते.

निवेदन ठेवायचं का? सुरुवातीला निवेदनाशिवाय पहिला कट करून बघा. जिथे प्रेक्षक खरोखर अडतो तिथेच दोन ओळी घाला. दुःखी प्रसंगाखाली बासरी घालण्याचा मोह आवरा.

इंग्रजी उपशीर्षकं करताना बीडच्या बोलीचा पुस्तकी अनुवाद करू नका. ‘उचल’ या एका शब्दात कर्जही आहे, नोकरीची हमीही आहे आणि बेडीही, ते पहिल्यांदा येतं तिथे थोडं उलगडा आणि पुढे ‘उचल’ असाच ठेवा, प्रेक्षक शिकतो. एका वेळी दोनच ओळी.

बातम्यांच्या क्लिप वापरायच्या असतील तर स्वामित्वहक्क कायद्याच्या कलम ५२ मध्ये टीका-समीक्षेसाठी योग्य वापराला जागा आहे, पण ती जागा किती मोठी हे वकिलाने सांगायचं असतं. पहिल्या कटनंतर एकदा वकिलाला दाखवाच. बदनामीचा दावा कशावर होऊ शकतो हे त्याला तुमच्याआधी दिसतं.

८. पोट आणि पैसा

माहितीपटावर घर चालवणारे लोक आहेत, पण फार थोडे. बाकीचे लग्नाचे व्हिडिओ, कंपन्यांच्या फिल्म, संकलनाची कामं, कॉलेजात शिकवणं यावर जगतात आणि उरलेल्या वेळात स्वतःची फिल्म करतात. यात कमीपणा काही नाही. उलट तुमचं पोट तुमच्या फिल्मवर नसेल तर फिल्ममध्ये काय ठेवायचं ते तुम्हीच ठरवता.

स्वयंसेवी संस्थांची कामं मिळतील. घ्या, शिकायला मिळतं. फक्त करारात दोन ओळी लिहून घ्या: कच्च्या फुटेजचा हक्क कुणाचा, आणि संस्थेच्या कामासाठी भेटलेल्या माणसांवर तुम्ही वेगळी फिल्म करू शकता का. हे आधी बोललं नाही की पुढे कटुता येते.

अनुदानाच्या वाटा आहेत. बंगळूरची इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स, ॲमस्टरडॅमचा इडफा बर्था फंड, सनडान्सचा माहितीपट निधी. कोलकात्याच्या डॉकएजमध्ये तुमचा प्रकल्प देशोदेशीच्या खरेदीदारांसमोर मांडता येतो, गोव्यात नोव्हेंबरमध्ये इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासोबत फिल्म बाजार भरतो. अर्जाला साधारण हे लागतं: एका पानाचा सारांश, फिल्म कशी दिसेल-ऐकू येईल याचं तीन-चार पानी वर्णन, तुम्हीच ही फिल्म का करावी याचं पानभर निवेदन, अंदाजपत्रक, आणि पाच मिनिटांच्या आत बसणारा नमुना व्हिडिओ. परीक्षक नमुना आधी बघतात. त्यात सुंदर निसर्ग नको, तुमचं मुख्य माणूस हवं, आणि तुम्हाला तिथे आत प्रवेश आहे हे दिसायला हवं. प्रवेश हेच तुमचं भांडवल, आणि ते तिसऱ्या पायरीवर मिळवलेलं असतं.

परदेशी पैसा येत असेल तर खात्यात जमा होण्याआधी सीएला गाठा. परकीय योगदान कायद्याच्या कलम ३ मध्ये चालू घडामोडींचे दृकश्राव्य कार्यक्रम करणाऱ्या कंपन्यांना असा पैसा घ्यायला बंदी आहे. तुमची फिल्म त्यात बसते की नाही, पैसा अनुदान म्हणून येतोय की सहनिर्मिती म्हणून, हे कागदावर स्पष्ट असू द्या. राजकीय फिल्मला त्रास द्यायचा झाला तर आधी तुमचे हिशेब बघितले जातात.

लोकवर्गणीही चालते. खुशबू रांका आणि विनय शुक्ला यांचा ‘ॲन इन्सिग्निफिकंट मॅन’ बऱ्याच अंशी त्यावर उभा राहिला. त्यासाठी रोज पोस्ट टाकत राहायची चिकाटी हवी. सगळ्यांना ते जमत नाही, मलाही नाही.

९. सेन्सॉर आणि पडदा

थिएटरात किंवा टीव्हीवर जायचं असेल तर १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागतं. अर्ज आता ई-सिनेप्रमाण पोर्टलवर करायचा. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए गटात ७, १३ आणि १६ वर्षं असे टप्पे आले आणि प्रमाणपत्राची मुदत कायमची झाली. ओटीटीला हे प्रमाणपत्र लागत नाही, तिथे २०२१ चे आयटी नियम आणि प्लॅटफॉर्मची स्वतःची भीती लागू होते. ही दुसरी गोष्ट सध्या जास्त कडक आहे.

सेन्सॉर बोर्डाने कट सुचवले तर काय करायचं? लढणाऱ्यांचा इतिहास माहीत असू द्या, वकिलाशी बोलताना उपयोगी पडतो. १९७० मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांच्या छोट्या माहितीपटावरून सर्वोच्च न्यायालयात खटला झाला आणि पूर्व-सेन्सॉरशिप, म्हणजे फिल्म दाखवण्याआधीच तपासणं, वैध ठरली. आपण अजून त्याच निकालाच्या चौकटीत आहोत. तरीही आतल्या आत जागा आहे. पटवर्धनांच्या ‘जंग और अमन’ला २१ कट सुचवले होते, २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकही कट न करता परवानगी दिली. त्यांचा ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनने दाखवावा यासाठी सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं, २००६ मध्ये तो दाखवला गेला. ‘ॲन इन्सिग्निफिकंट मॅन’ला बोर्डाने अडवलं तेव्हा अपील न्यायाधिकरणाने मोकळं केलं. ते न्यायाधिकरण २०२१ मध्ये बरखास्त झालं, आता थेट उच्च न्यायालय. म्हणजे वकिलाचा खर्च अंदाजपत्रकात धरायचा.

महोत्सवांसाठी प्रमाणपत्राऐवजी मंत्रालयाची सूट लागते आणि ती आयोजक मागतात. तीही नाकारली जाऊ शकते: २०१९ मध्ये पटवर्धनांचा ‘विवेक’ केरळच्या महोत्सवात दाखवायला उच्च न्यायालयाने परवानगी दिली तेव्हा कुठे पडद्यावर आला. आणि २००४ मध्ये मुंबईच्या मिफ या आंतरराष्ट्रीय महोत्सवाने बऱ्याच फिल्म बाहेर ठेवल्या, तेव्हा माहितीपटकारांनी एकत्र येऊन ‘विकल्प’ नावाने स्वतःचाच महोत्सव भरवला. एकट्याने भांडू नका.

पाठवायचं कुठे? केरळचा माहितीपट आणि लघुपटांचा महोत्सव आयडीएसएफएफके, धर्मशालेचा महोत्सव, मिफ, काठमांडूचा फिल्म साउथ एशिया ही पहिल्या फिल्मसाठी चांगली दारं आहेत. मोठ्या परदेशी महोत्सवांना जागतिक प्रथम प्रदर्शन हवं असतं, म्हणून आधी त्यांचं उत्तर येऊ द्या, मग यूट्यूब.

गावातलं प्रदर्शन मात्र त्या रांगेत ठेवू नका. ‘जय भीम कॉम्रेड’ मुंबईत सुरुवातीलाच भायखळ्याच्या बीआयटी चाळीत लागला होता. तुम्हीही टोळीच्या गावी दाखवा. साधा प्रोजेक्टर, पांढरी चादर नव्हे तर शाळेची रंगवलेली भिंत, दोन स्पीकर, अंधार पडल्यावर. सरपंच आणि पोलिस पाटलाला आधी सांगा, एक लेखी अर्ज ठाण्यात देऊन पोच घ्या. विजेचा भरवसा नसतो, इन्व्हर्टर नाहीतर जनरेटर ठरवा. पावसाळ्यात माणसं गावी असतात पण भिंत भिजते, म्हणून शाळेचा वर्ग मोकळा मागून ठेवा. पुढच्या रांगेत पोरं बसणार आणि पडद्यावर आई दिसली की ओरडणार, तेव्हा आवाज थोडा चढवूनच ठेवा. प्रदर्शन संपल्यावर फिल्मची प्रत पेनड्राइव्हवर प्रत्येक कुटुंबाला द्या. प्रश्नोत्तरांना माइक आधी बायकांकडे न्या. पुरुषांकडे गेलेला माइक परत येत नाही.